चौकटीच्या कडेला उभी असलेली माणसे : आरंभीच्या मूक चित्रफितींतले रस्ते, बाजार आणि गिरण्यांचे दरवाजे

पाऊलवाट (धागाकर्ता)

सर्वांना नमस्कार.

गेले काही महिने रात्रीची जेवणे आटोपली की मी जुन्या, अगदी आरंभीच्या मूक चित्रफिती पाहत बसतो. ज्यांत कथा नाही, नट नाहीत, केवळ एखादा पूल, चौक, बाजार, फलाट किंवा गिरणीचा दरवाजा आहे आणि तेथून माणसे जात-येत आहेत, अशा या फिती. दादासाहेब फाळक्यांपासून पुढच्या मूकपटांविषयी मराठीत भरपूर वाचायला मिळते, पण त्याआधीच्या या फितींबद्दल मनासारखी चर्चा मला कुठे करता आली नाही, म्हणून हा धागा काढत आहे. माझे म्हणणे असे आहे की या फिती पाहताना नजर चौकटीच्या मध्यावरून काढून कडेला न्यावी. छायालेखकाने जे टिपायचे ठरवले होते ते बहुधा मध्यावर असते. जे त्याच्या मनात नव्हते आणि तरीही फितीवर उमटले ते कडेला सापडते, आणि त्या काळाचा खरा ऐवज मला तिथे दिसतो.

सुरुवात कुठून धरायची याबद्दल मतभेद असू शकतात. मी ती लीड्सच्या पुलापासून धरतो. लुई ल प्रँस या फ्रेंच गृहस्थाने ऑक्टोबर १८८८ मध्ये इंग्लंडमधील लीड्स शहरातल्या पुलावरची रहदारी वरच्या मजल्यावरच्या एका खिडकीतून टिपली. त्यातल्या जेमतेम वीस चौकटी (एकामागोमाग टिपलेली सुटी चित्रे) आज शिल्लक आहेत, म्हणजे डोळ्याचे पाते दोनदा लवेपर्यंत सारे संपते. घोड्यांच्या गाड्या, पायी चालणारी माणसे आणि पुलाचा कठडा, एवढेच. पुढे सप्टेंबर १८९० मध्ये दिजाँ येथून पॅरिसला जाणाऱ्या आगगाडीत बसलेले ल प्रँस पुन्हा कोणालाही दिसले नाहीत, आणि त्यांच्या यंत्राची कहाणी तिथेच थांबली.

रस्त्यावरच्या माणसांना खऱ्या अर्थाने पडद्यावर आणले ते फ्रान्समधील लिआँ शहरातल्या ल्युमिएर बंधूंनी. त्यांचे यंत्र पाचेक किलो वजनाचे होते, हाताने हँडल फिरवून चालत असे, आणि तेच एक यंत्र चित्रण करी, प्रत काढी आणि पडद्यावर चित्र दाखवीही. वीज नसलेल्या गावातही ते खांद्याला अडकवून नेता येई, म्हणूनच त्यांची माणसे अवघ्या दोन-तीन वर्षांत जगभर पोचली. यंत्रात सुमारे सतरा मीटर लांबीची फीत मावत असे आणि ती पन्नासेक सेकंदांत संपे. त्यामुळे कोणत्याही चौकातले, कोणत्याही घाटावरचे आयुष्य त्या काळी पन्नास सेकंदांच्या मापाने मोजले गेले. अशा चौदाशेच्या आसपास फिती त्यांच्या यादीत नोंदलेल्या आहेत. २८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसमध्ये तिकीट लावून झालेल्या पहिल्या खेळात दहा फिती दाखवल्या गेल्या. त्यांतल्या एकीत ऑग्युस्त ल्युमिएर आणि त्यांची पत्नी आपल्या तान्ह्या मुलीला भरवत आहेत. प्रेक्षकांनी बाळ तर पाहिलेच, पण त्यांना अप्रूप वाटले ते मागच्या झाडांच्या वाऱ्याने हलणाऱ्या पानांचे. नाटकाच्या पडद्यावर रंगवलेले झाड हलत नसते. म्हणजे कडेला पाहण्याची सवय पहिल्या प्रेक्षकांनाच होती. आपण ती नंतर गमावली.

आता ज्या फितीने मला हा नाद लावला तिच्याविषयी थोडे सविस्तर लिहितो. सॅन फ्रान्सिस्को शहरातल्या मार्केट स्ट्रीट या हमरस्त्यावरून, दोराने ओढल्या जाणाऱ्या ट्रामच्या पुढच्या टोकाला कॅमेरा बसवून, माइल्स बंधूंनी ही सुमारे तेरा मिनिटांची फीत घेतली. समोर दूरवर बंदरावरचा घड्याळाचा मनोरा दिसतो आणि सबंध वेळ ट्राम त्याच्या दिशेने सरकत राहते. घोडागाड्या आडव्या येतात, मोटारी डावी-उजवी न पाहता मध्ये घुसतात, वर्तमानपत्रे विकणारी पोरे रुळांवरून धावतात, लांब घागऱ्याचा घोळ हाताने उचलून बाया रस्ता ओलांडतात. लक्ष देऊन पाहिले तर काही मोटारी फिरून फिरून पुन्हा कॅमेऱ्यासमोर येतात हे कळते; रस्ता अधिक गजबजलेला वाटावा म्हणून त्या मुद्दाम फिरवल्या असाव्यात, असे जाणकारांचे मत आहे.

ही फीत १९०५ सालची आहे, असे बरीच वर्षे समजले जाई. डेव्हिड कीन या अभ्यासकांनी चौकटी थांबवून थांबवून पाहिल्या, तेव्हा त्यांना रुळांच्या मध्ये साचलेले पावसाचे पाणी दिसले. आधी सांगितल्या जाणाऱ्या महिन्यांत त्या शहरात पाऊसच झालेला नव्हता. मग त्यांनी हवामानाच्या नोंदी, सावल्यांचे कोन आणि एका मोटारीच्या क्रमांकाची नोंदणी तपासली, आणि फीत एप्रिल १९०६ मधील असल्याचे दाखवून दिले. १८ एप्रिलला पहाटे भूकंप झाला, तीन दिवस आग धुमसत राहिली, आणि फितीत दिसणाऱ्या बहुतेक इमारती त्यात गेल्या. मनोरा मात्र उभा राहिला. चित्रण भूकंपाच्या अवघे चार दिवस आधी झाले होते. फीत रेल्वेने न्यूयॉर्कला रवाना झाली होती म्हणून वाचली. त्यानंतर त्याच रस्त्यावरचे भग्न अवशेषही माइल्स बंधूंनी टिपले.

सांगायचा मुद्दा असा की या फितीची तारीख साचलेल्या पाण्याने सांगितली. त्या डबक्याचे चित्र घ्यावे, असे कोणाच्याही मनात आले नसेल.

अशा फिती आपणांपैकी कोणी पाहिल्या असतील तर काय दिसले ते कृपया लिहावे. आपल्या देशातील जुन्या फितींबद्दल माहिती असल्यास अधिक आनंद होईल.


काचपट्टी

धागा आवडला, आणि मार्केट स्ट्रीटचे वर्णन वाचून ती फीत पुन्हा पाहिली. परंतु एका गोष्टीकडे लक्ष वेधू इच्छितो. या फितींना आपण सहजपणे ‘जसे घडले तसे टिपलेले जीवन’ म्हणतो, आणि पहिल्याच उदाहरणापाशी ते म्हणणे अडते.

ल्युमिएर यांच्या कारखान्यातून बाहेर पडणाऱ्या कामगारांची फीत सर्वांना ठाऊक आहे. तिच्या तीन निरनिराळ्या आवृत्त्या आहेत आणि अभ्यासक त्या घोड्यांवरून ओळखतात: एकीत एक घोडा जुंपलेली गाडी आहे, दुसरीत दोन घोड्यांची, तिसरीत घोडाच नाही. कपडे आणि सावल्याही बदललेल्या आहेत. म्हणजे एकच ‘सुट्टी’ तीनदा झाली. दरवाजा उघडतो, बायका-पुरुष डावीकडे-उजवीकडे पांगतात, एक मोठा कुत्रा बागडतो, कोणी सायकलवरून निघतो, आणि इतक्या माणसांतून कॅमेऱ्याकडे जवळजवळ कोणी पाहत नाही. कॅमेरा मालकाचा, कामगारही मालकाचेच. त्यांना काही सूचना मिळालीच नव्हती, हे मानणे मला जड जाते.

फ्रान्समधल्या ला सिओता स्थानकात शिरणाऱ्या आगगाडीच्या ल्युमिएर यांच्या फितीचेही तसेच आहे. गाडी अंगावर येते असे वाटून प्रेक्षक पळाले, ही गोष्ट पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते, पण तिला त्या वेळचा भक्कम पुरावा सापडलेला नाही. शिवाय ती फीत २८ डिसेंबरच्या खेळात नव्हतीच. फलाटावर वावरणाऱ्या माणसांत ल्युमिएर कुटुंबातली माणसे आहेत, हेही ध्यानात घ्यावे.

तेव्हा कडेला पाहावे हे मान्य, पण कडही कधी कधी सजवलेली असते.


पाऊलवाट (धागाकर्ता)

आपला आक्षेप योग्य आहे आणि मला तो महत्त्वाचा वाटतो. तीन आवृत्त्यांविषयी मी लिहायला हवे होते.

तरीही मला असे वाटते की सूचना देणाऱ्याचा हात फार लांब पोचत नाही. कामगारांना ‘इकडे पाहू नका’ असे सांगता येते. पदर, टोपी, चालण्याची ढब, एकमेकींच्या दंडाला धरून निघण्याची सवय ठरवून देता येत नाही, आणि कुत्र्याला तर काहीच सांगता येत नाही. फीत तीनदा घेतली गेली म्हणून आज आपल्याला तीन वेगवेगळ्या दिवसांचे कपडे पाहायला मिळतात, हेही त्यातून हाती लागते.


लालबाग

माझे आजोबा गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागांवर, होते, म्हणून गिरणीच्या दरवाजाचा विषय निघाल्यावर लिहिल्यावाचून राहवत नाही.

इंग्लंडमधील लँकेशायर परगण्यात ब्लॅकबर्न नावाचे गाव आहे. तिथे सेगर मिचेल आणि जेम्स केन्यन या दोघांनी १८९७ मध्ये चित्रफितींचा व्यवसाय सुरू केला. गावोगावच्या जत्रांत तंबू ठोकून खेळ करणारे लोक त्यांना काम देत. गिरणी सुटायच्या वेळेला दरवाजासमोर कॅमेरा लावायचा, शक्य तितके चेहरे टिपायचे, आणि लगेच जत्रेत जाहिरात करायची की या, स्वतःला पडद्यावर पाहा. जितके चेहरे तितकी तिकिटे, असा तो साधा हिशेब होता. म्हणूनच या फितींत काचपट्टी यांनी सांगितले त्याच्या अगदी उलट दिसते: प्रत्येक जण कॅमेऱ्याकडे पाहतो. कोणी टोपी काढून हलवतो, पोरे पुन्हा पुन्हा चौकटीत शिरतात, बाया शाल डोक्यावर ओढून हसत हसत पुढे होतात, आणि मधूनच खेळवाला स्वतः आत येऊन लोकांना ‘चला, पुढे चला’ असे हातवारे करतो.

ही सगळी संपत्ती अनेक दशके नाहीशी झाली होती. १९९४ मध्ये ब्लॅकबर्नमधल्या एका जुन्या दुकानात पाडकाम चालू असताना तळघरात धातूची तीन पिंपे मिळाली. आत आठशेहून अधिक रिळे होती, आणि तीही प्रती नव्हेत, तर मूळ निगेटिव्ह. पीटर वर्डन या स्थानिक इतिहासप्रेमी गृहस्थांनी ती सांभाळली, पुढे २००० साली ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने ती ताब्यात घेऊन जतन केली. सर्व मिळून सुमारे अठ्ठावीस तासांचे चित्रण आहे.

मी त्यांतल्या गिरण्यांच्या फिती ओळीने पाहिल्या. पहिल्यांदा लक्षात येते ते हे की एकही डोके उघडे नाही. पुरुषांच्या चपट्या टोप्या, बायकांच्या शाली, मुकादमाची असावी अशी उंच गोल टोपी. त्यानंतर पायांकडे नजर जाते. लाकडी तळाचे बूट सर्वांच्या पायांत आहेत. फीत मुकी आहे, पण शेकडो लाकडी तळ दगडी फरशीवर एकदम पडले की काय आवाज होत असेल, तो मला ऐकू आल्यासारखा वाटला. आमच्याकडे भोंगा झाल्यावर वहाणांचा जो आवाज गल्लीत भरायचा, त्याच्या कितीतरी पट मोठा. आणि मग मुले दिसतात. त्या वेळच्या इंग्लंडमध्ये बारा वर्षांच्या मुलांना अर्धा दिवस शाळा आणि अर्धा दिवस गिरणी अशी कायद्याने मुभा होती. मोठ्यांच्या कमरेइतकी उंची असलेली पोरे अंगावर कापसाचे तंतू घेऊन बाहेर पडतात आणि कॅमेरा दिसताच उड्या मारतात. ते पाहून मी फीत थांबवली आणि बराच वेळ पुढे नेऊ शकले नाही.

अजून एक गोष्ट आपण मराठी वाचकांनी ध्यानात घ्यावी असे मला वाटते. ब्लॅकबर्नचे माग मुख्यतः हिंदुस्थानच्या बाजारावर चालत आणि तिथे धोतरांचे कापड मोठ्या प्रमाणावर विणले जाई. १९०५ च्या ऑक्टोबरात पुण्यात विलायती कापडाची होळी झाली. त्या होळीत जळालेले कापड ज्यांनी विणले ती माणसे बहुधा याच फितींत टोप्या हलवत आहेत. मला त्यांचा राग आला नाही. त्यांच्या चालण्यातला थकवा माझ्या ओळखीचा होता.


नदीकाठ

लालबाग यांचा प्रतिसाद दोनदा वाचला. विणणारे तिकडचे आणि जाळणारे इकडचे एकाच वेळी डोळ्यांसमोर आले. मनापासून आभार.


अक्षांश

या फितींतील माणसे तुरुतुरु का चालतात, असे बहुतेकांना वाटते, म्हणून त्याविषयी थोडे लिहितो. त्या माणसांची चाल आपल्यासारखीच होती. हँडल हाताने फिरवताना सेकंदाला साधारण सोळा चौकटी टिपल्या जात. ल्युमिएर यांच्या यंत्रात हँडलच्या एका फेऱ्यात आठ चौकटी पुढे सरकत, आणि सेकंदाला दोन फेरे द्यायचे असत. बोलपट आल्यावर चोवीस चौकटींचा वेग पक्का झाला. सोळाच्या वेगाने टिपलेली फीत चोवीसच्या वेगाने दाखवली की सगळे जग दीडपट घाई करू लागते. आपल्या मनात जुन्या काळाची जी हास्यास्पद, झटके देणारी प्रतिमा बसली आहे, ती पुष्कळशी या चुकीच्या वेगाची देणगी आहे. वेग सुधारून दाखवली की तीच माणसे एकदम वजनदार आणि खरी वाटतात.

त्याबरोबरच एक काळजीची बाब मांडतो. अलीकडे या फिती संगणकाच्या साहाय्याने रंगवून, ठळक करून आणि सेकंदाला साठ चौकटी करून प्रसारित केल्या जातात. २०२० च्या आरंभी ला सिओताची आगगाडी अशा रूपात पुन्हा धावली आणि लाखो लोकांनी ती पाहिली. त्यापाठोपाठ न्यूयॉर्कची १९११ ची फीतही आली, जी मुळात एका स्वीडिश कंपनीने घेतलेली आहे. लोकांना या फितींची गोडी लागली हे चांगलेच झाले. पण मूळ सोळा आणि दाखवलेल्या साठ असतील, तर प्रत्येक सेकंदातल्या चव्वेचाळीस चौकटी कोणत्याही कॅमेऱ्याने कधीच पाहिलेल्या नाहीत. त्या यंत्राने अदमासाने भरल्या आहेत. पाऊलवाट ज्या कडेकडे पाहायला सांगतात, नेमकी तिथेच ही भर सर्वांत वाईट असते, कारण लहान, अंधुक, अर्धवट झाकलेल्या आकृतींचे काय करावे हे संगणकाला उमगत नाही. दूरवरच्या माणसाचा चेहरा गुळगुळीत होतो, पाटीवरची अक्षरे वितळतात. त्या डबक्याचे काय होईल याची मला भीती वाटते.

रंगांचे तर आणखी अवघड आहे. त्या काळच्या फितीवरचा लेप निळ्या प्रकाशाला फार संवेदनशील होता आणि तांबड्याला जवळजवळ आंधळा. निळे आकाश पांढरे उमटे आणि तांबडी वस्तू काळी. आपल्याकडचे उदाहरण घ्यायचे तर लाल पागोटे आणि काळी टोपी फितीवर सारखीच दिसतील, आणि कपाळावरचे कुंकू काळा ठिपका होऊन जाईल. त्या काळ्यातून पुन्हा लाल काढणे कोणत्याही गणिताला शक्य नाही. ती माहिती फितीवर उतरलेलीच नसते.


जुनीरिळे

मी काही वर्षे चित्रफितींच्या जतनाचे काम केले आहे, म्हणून अक्षांश यांच्या मुद्द्याला थोडी पुस्ती जोडते.

मूळ फीत हातात घेतल्यावर जे कळते ते पडद्यावर कळत नाही. १९५० च्या सुमारापर्यंत व्यावसायिक फिती बहुतांशी नायट्रेटच्या असत. हे द्रव्य भडकन पेट घेते, आणि एकदा पेटले की पाण्याखालीही जळत राहते, कारण लागणारा प्राणवायू त्याच्याच पोटात असतो. न पेटता ते सांभाळले तरी हळूहळू कुजते. आधी चित्र पिवळट होऊन विरळ होते, मग लेप मऊ आणि चिकट होतो, वेटोळ्याचे पदर एकमेकांना धरून बसतात, वर मधासारखे बुडबुडे येतात, पुढे सगळे रीळ दगडासारखे घट्ट होते आणि शेवटी डब्यात तपकिरी भुकटी उरते. डबा उघडताना आपण यांतल्या कोणत्या पायरीवर पोचलो आहोत, हे झाकण सैल होताच येणाऱ्या उग्र वासावरून आधी कळते. पहिली काही वर्षे त्या क्षणी माझे हात थरथरत. फीत आक्रसलेली असते, त्यामुळे कडेची छिद्रे आजच्या यंत्राच्या दातांवर बसत नाहीत. ती हाताने, चौकट चौकट करून पुढे न्यावी लागते.

ब्लॅकबर्नची रिळे थंड तळघरात, बंद पिंपांत राहिली म्हणून इतकी स्वच्छ निघाली. अमेरिकेतल्या फिती वाचल्या त्या वेगळ्याच कारणाने. तिथल्या कायद्यात आधी चित्रफितींसाठी तरतूद नव्हती, छायाचित्रांसाठी होती. म्हणून निर्माते सबंध फीत कागदाच्या पट्टीवर छापून हक्कनोंदणीसाठी देत. फिती जळाल्या, कुजल्या, फेकल्या गेल्या, आणि कागदाची भेंडोळी वॉशिंग्टनच्या ग्रंथालयात राहिली. पुढे त्यांवरून पुन्हा चित्रण करून सुमारे तीन हजार फिती परत मिळवण्यात आल्या.

या फिती म्हणजे इतिहासाचा पुरावा आहेत आणि त्यांच्यासाठी स्वतंत्र भांडार हवे, असे बोलेस्वाव मातुशेव्स्की या पोलिश छायालेखकाने १८९८ मध्येच पॅरिसमध्ये पत्रक छापून मांडले होते. तेव्हा ते ऐकले गेले असते तर! आपल्याकडे पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झाले, आणि पी. के. नायर यांनी खेडोपाडी फिरून फिती जमवल्या, तोवर फार उशीर झाला होता.


काचपट्टी

आपल्याकडचा विषय निघालाच आहे तर मुंबईविषयी लिहितो.

७ जुलै १८९६ रोजी काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर यांच्या फितींचा खेळ झाला. तिकीट एक रुपया होते. ऑस्ट्रेलियाला निघालेले मारियस सेस्टिए हे गृहस्थ तो घेऊन आले होते, आणि दाखवलेल्या सहा फितींत कारखान्यातून बाहेर पडणारे कामगारही होते. आपल्या गिरण्यांच्या दरवाजात कॅमेरा उभा राहण्याआधी मुंबईकरांनी परक्या गावच्या कारखान्याचा दरवाजा पाहिला.

पण तीनच वर्षांत एका मराठी माणसाने कॅमेरा हाती घेतला. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांचा छायाचित्रणाचा व्यवसाय होता. त्यांनी विलायतेहून यंत्र मागवले आणि १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डन परिसरात पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या दोन मल्लांची कुस्ती टिपली. माकडांचे खेळ करणारा माणूसही त्यांनी घेतला. डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजहून सीनिअर रँग्लर (गणिताच्या परीक्षेत पहिले) होऊन परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांचे मुंबईत झालेले स्वागत त्यांनी चित्रित केले. यांतले काहीही आज उपलब्ध नाही.

मला रँग्लर परांजपे यांचा चेहरा दिसला नाही याचे तितके दुःख नाही, त्यांची छायाचित्रे आहेत. पण त्या स्वागताला जमलेल्या गर्दीचे काय? कोणी पुणेरी पगडी घातली होती, कोणी पागोटे बांधले होते, कोण पुढे होता आणि कोणाला मागे उभे राहावे लागले होते, कुस्तीभोवतीच्या रिंगणात कोणकोण दाटीवाटीने बसले होते, हे सारे त्या दोन-तीन रिळांच्या कडांना असणार. ते आपल्याच माणसाने, आपल्याच माणसांमध्ये उभे राहून टिपले होते.


नदीकाठ

मी काशीत वाढलो. पंचगंगा, दुर्गाघाट आणि ब्रह्मघाट या भागांत आजही मराठी घरे आहेत, आमचे घर त्यांपैकी एक. म्हणून एका फितीविषयी लिहितो, जी आमच्या घरात आता सर्वांना पाठ झाली आहे.

भारतात घेतलेल्या आणि अजून शिल्लक असलेल्या सर्वांत जुन्या फितींपैकी एक १८९९ मधील आहे. गंगेतून जाणाऱ्या नावेवरून घाटाचे दृश्य घेतलेले आहे. फितीच्या शीर्षकात कलकत्ता आहे. परंतु ती पाहणाऱ्या बनारसच्या माणसाला पहिल्या पाच सेकंदांतच कळते की हे कलकत्ता नव्हे. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटनेही आता तसे नमूद केले आहे. लंडनच्या कंपनीला विकायला कलकत्ता हे नाव सोयीचे वाटले असेल, किंवा डब्यावर चिठ्ठी लावणाऱ्याला दोन्ही शहरे सारखीच असतील. सावेदादांच्या फिती टिकल्या असत्या तर निदान गावाचे नाव तरी चुकले नसते.

फितीत माणसे फार लहान दिसतात. छायालेखकाला घाटाची भव्यता हवी होती, म्हणून त्याने नाव दूर ठेवली. तरी पायऱ्यांवर छत्र्या आहेत, पाण्यात कमरेपर्यंत उभी माणसे आहेत, आणि नाव पुढे सरकते तशी ती एकेक करून चौकटीबाहेर जातात. माझी आई प्रत्येक वेळी म्हणते, ‘थांबव, जरा मागे घे.’


पाऊलवाट (धागाकर्ता)

नदीकाठ, ही फीत मी पाहिली होती, पण नावावर विश्वास ठेवून पाहिली होती. आपल्या प्रतिसादानंतर आज दुपारी पुन्हा पाहिली. कोणत्या सेकंदाला कोणता घाट आहे, हे आपण आणि आपल्या मातोश्री मिळून सांगू शकाल का? येथे आपण सगळे मिळून त्याची नोंद करू शकतो.

अक्षांश यांना विनंती आहे की वेग सुधारलेली प्रत कशी मिळवावी हे कृपया सांगावे, म्हणजे सेकंदांचा हिशेब सर्वांचा सारखा राहील. रंगवलेली आवृत्ती कोणी वापरू नये.


नदीकाठ

अवश्य. आईशी बोललो. ती म्हणाली की आधी औरंगजेबाच्या मशिदीचे दोन मनोरे शोधा. पंचगंगा घाटावरचे ते उंच मनोरे त्या काळी कोसांवरून दिसत. त्यांतला एक १९४८ मध्ये कोसळला, आणि दुसराही पुढे उतरवावा लागला. १८९९ मध्ये दोन्ही उभे होते. एखाद्या चौकटीत ते सापडले की तिथून पुढे-मागे मोजत जाता येईल: एका बाजूला दुर्गाघाट आणि ब्रह्मघाट, दुसऱ्या बाजूला भोसल्यांचा घाट आणि शिंद्यांचा घाट. न सापडल्यास नाव त्या टोकापर्यंत पोचलीच नाही असे धरून दुसऱ्या टोकाकडून सुरुवात करावी लागेल, आणि त्यासाठी वाड्यांच्या बुरुजांचे आकार जुळवावे लागतील.

रविवारी सकाळी आम्ही दोघे बसतो. प्रत्येक पाच सेकंदांची एक चौकट कागदावर छापून घेतली आहे, आणि आईने वहीत आतापासूनच रकाने आखून ठेवले आहेत.